ऐकणे आणि मानणे : वार्धक्याच्या अभ्यासातील एक नैतिक प्रश्न

१

वार्धक्यासाठी मराठीत रूढ असलेल्या शब्दांची मुळे शोधू लागले की एक विसंगती ध्यानात येते. ‘वृद्ध’ हा शब्द ‘वृध्’ म्हणजे वाढणे या धातूपासून आला; वृद्ध म्हणजे मुळात वाढलेला. ‘स्थविर’ या शब्दात स्थैर्याची कल्पना आहे. ‘म्हातारा’ हे ‘महत्तर’ या शब्दाचे रूप. महत्तर म्हणजे थोर, गावातला अग्रणी. झिजण्याची, क्षयाची कल्पना उघडपणे आहे ती ‘जरा’ आणि ‘जीर्ण’ या शब्दांत. भाषेच्या जुन्या थरात मानाच्या शब्दांची उणीव नाही. त्यांचा पुढचा प्रवास मात्र वेगळा आहे. ‘महत्तर’चा ‘म्हातारा’ झाला आणि समोरच्याला तोंडावर म्हातारा म्हणणे हा अवमान ठरला. ‘स्थविर’चा पालीत ‘थेर’ झाला, संघातील ज्येष्ठ भिक्षूचे ते आदराचे नाव बनले. आणि मराठीत त्याच कुळातला ‘थेरडा’ हा शब्द शिवीच्या हद्दीत जाऊन पोचला.

मानवाचक शब्द निंदावाचक होणे ही अर्थापकर्षाची प्रक्रिया भाषाभ्यासकाला परिचित आहे. परंतु येथे तिचा क्रम विशेष सूचक आहे. महत्तर हे एक अधिकारपद होते, थेर हेही संघातले स्थान होते. पद गेले, स्थान गेले, वय तेवढे उरले; आणि उरलेल्या वयाला भाषेने अवहेलनेचा शब्द दिला. वयाला म्हणून जो मान दिला जातो असे आपण समजतो, तो खरोखर वयाला असतो की वयासोबत असणाऱ्या अधिकाराला, हा प्रश्न या शब्दांच्या इतिहासातच दडलेला आहे.

याच प्रश्नाची दुसरी बाजू ‘ऐकणे’ या साध्या क्रियापदात सापडते. मराठीत ऐकणे म्हणजे कानांनी ग्रहण करणे, आणि ऐकणे म्हणजे मानणे, आज्ञेत वागणे. ‘मुलगा ऐकत नाही’ असे आई म्हणते तेव्हा मुलगा बहिरा आहे असे कोणी समजत नाही. हेच वाक्य चाळीस वर्षांनी, ‘आता कोणी ऐकत नाही’ या रूपात, त्याच आईच्या तोंडी येते. या दुसऱ्या वेळी वाक्याचा अर्थ निश्चित करणे कठीण होते. आपली आज्ञा पाळली जात नाही अशी तक्रार आहे की आपले बोलणे कोणाच्या कानी पडत नाही अशी? बोलणारीलाही हा भेद सांगता येईलच असे नाही. आज्ञा पाळली जात होती तोवर बोलणेही ऐकले जात होते. आज्ञा संपली तसे बोलणेही संपले. ज्याची आज्ञा पाळायची नाही त्याचे बोलणे ऐकता येते काय, आणि ऐकले पाहिजे काय, हा वार्धक्यासंबंधीचा एक मूलभूत नैतिक प्रश्न आहे. वार्धक्याच्या संस्कृतिसापेक्ष अभ्यासांनी तो बहुधा बाजूला ठेवला. प्रस्तुत निबंधात तो प्रथम या अभ्यासांच्या, मग नागपूरच्या इतवारीच्या आणि शेवटी मराठी साहित्याच्या संदर्भात तपासायचा आहे.

२

विविध संस्कृतींतील वार्धक्याचा तौलनिक अभ्यास विसाव्या शतकाच्या मध्यास आकार घेऊ लागला. लिओ सिमन्स यांनी १९४५मध्ये ७१ आदिम समाजांविषयीची उपलब्ध माहिती एकत्र करून तेथील वृद्धांचे स्थान तपासले. संपत्ती, विधिज्ञान, कथाज्ञान यांवर वृद्धांचे नियंत्रण असेल तेथे त्यांना प्रतिष्ठा असते, ही गोष्ट या अभ्यासातून पुढे आली. १९६१मध्ये एलेन कमिंग आणि विल्यम हेन्री यांनी अमेरिकेतील कॅन्सस सिटीतील पाहणीच्या आधारे ‘विलगीकरणा’चा सिद्धान्त मांडला : वृद्ध व्यक्ती आणि समाज परस्परांपासून क्रमाने दूर होतात आणि हे दूर होणे दोघांनाही सोयीचे असते. पुढे १९७२मध्ये डोनाल्ड काउगिल आणि लोवेल होम्स यांच्या संपादनातून आधुनिकीकरणाचा सिद्धान्त आला. आधुनिकता वाढते तशी वृद्धांची प्रतिष्ठा घटते, असे त्याचे सार सांगता येईल.

या तिसऱ्या सिद्धान्ताचे भारतात विशेष स्वागत झाले, कारण तो आपल्या एका आवडत्या समजुतीला शास्त्राचा आधार देत होता. पूर्वी एकत्र कुटुंब होते, वडीलधाऱ्यांना मान होता. मग पाश्चात्त्य वारे आले आणि वृद्ध निराधार झाले, ही ती समजूत. लॉरेन्स कोहेन यांनी वाराणसीतील क्षेत्राभ्यासावर आधारलेल्या १९९८च्या ग्रंथात या कथनाची कठोर चिकित्सा केली. भारतातील वृद्धत्वशास्त्र एका हरवलेल्या सुवर्णयुगाची कथा गृहीत धरते आणि वृद्धाच्या प्रत्येक व्यथेचे खापर ‘बिघडलेल्या कुटुंबा’वर फोडते, हे त्यांनी दाखवून दिले. याहून महत्त्वाचा आहे तो त्यांनी नोंदवलेला वस्तीनिहाय फरक. सुखवस्तू वसाहतींत वृद्धाच्या असंबद्ध बोलण्याकडे कुटुंबाच्या दोषाचे चिन्ह म्हणून पाहिले जाई. दलित वस्तीत मात्र म्हातारपणाची भाषा मुख्यतः ‘कमजोरी’ची, दुबळेपणाची होती. एका शहरात, एका भाषेत दोन वार्धक्ये नांदत होती. सारा लॅम्ब यांनी पश्चिम बंगालमधील एका खेड्याच्या अभ्यासात (२०००) आणखी एक पदर उलगडला. तेथील वृद्धांना एकाकीपणाइतकीच, किंबहुना त्याहून अधिक, काळजी होती ती ‘माये’ची, वय वाढते तसे माणसांत आणि वस्तूंत गुंतणे वाढते आणि मरण अवघड होते, याची. पाश्चात्त्य सिद्धान्त विलग होण्याला निसर्गक्रम समजत होता. येथील वृद्ध ते कष्टसाध्य कर्तव्य मानत होते.

पूर्व आणि पश्चिम यांची ढोबळ विभागणी अन्यत्रही टिकत नाही. पश्चिम वय मोजते आणि पूर्व ते मोजत नाही, असे म्हटले जाते. मनुस्मृतीने वानप्रस्थाचा आरंभ वर्षांत सांगितलेला नाही हे खरे. सुरकुत्या, पिकलेले केस आणि अपत्याचे अपत्य ही तीन लक्षणे तिथे दिली आहेत, आणि त्यांतले तिसरे लक्षण देहाचे नसून नात्याचे आहे. पण त्याच परंपरेत साठाव्या वर्षीची षष्ट्यब्दीपूर्ती आहे आणि एक्याऐंशीच्या सुमाराचे सहस्रचंद्रदर्शनही आहे. त्या साठीचा अर्थ निराळा होता. प्रभवादी साठ संवत्सरांचे चक्र पूर्ण होऊन जन्मवर्षाचे नाव पुन्हा येते, म्हणून साठी. जपानमध्येही ‘कानरेकी’ म्हणून साठावे वर्ष साजरे होते, त्यामागेही साठ वर्षांच्या कालचक्राचीच कल्पना आहे, आणि त्या दिवशी वृद्धाला बालकासारखे तांबडे वस्त्र देतात. संयुक्त राष्ट्रांच्या १९८२च्या व्हिएन्ना येथील जागतिक परिषदेपासून लोकसंख्याशास्त्रात रूढ झालेली साठी ही मात्र केवळ सीमारेषा आहे. आकडा एकच. एके ठिकाणी तो वर्तुळ पुरे झाल्याची खूण आहे, दुसऱ्या ठिकाणी रकाना बदलल्याची. आणि ‘साठी बुद्धी नाठी’ म्हणणाऱ्या मराठी समाजाने या दोन्हींच्या पलीकडे तिसराच अर्थ लावून ठेवला आहे : साठीनंतरचे बोलणे बोलणे म्हणून मोजू नये.

या सर्व अभ्यासांत ‘मान’ ही कळीची संज्ञा आहे. प्रतिष्ठा घटली की वाढली, कोणत्या समाजात जास्त आणि कोणत्या समाजात कमी, असे प्रश्न विचारले गेले. मान ही मोजता येणारी वस्तू वाटते, कारण ती दिसते; वाकून नमस्कार केला की नाही, पान आधी वाढले की नाही, यांची नोंद करता येते. ऐकणे तसे दिसत नाही. नमस्कार केला जात असताना बोलणे ऐकले जात नसेल, हे कोणत्याही सणावाराच्या दिवशी कोणत्याही घरात घडू शकते, आणि मान मोजणाऱ्या अभ्यासाला ते टिपता येत नाही.

३

नागपूरच्या इतवारीचा संदर्भ येथे उपयुक्त ठरतो. इतवारी म्हणजे रविवारचा बाजार. वाराचे नाव वस्तीला मिळाले. भोसल्यांच्या राजधानीतील ही जुनी व्यापारपेठ आजही सराफा, किराणा, धान्य, कापड यांच्या उलाढालीसाठी ओळखली जाते. तिच्या आसपास, तांडापेठ आणि गोळीबार चौकाच्या बाजूला, कोष्टी विणकरांच्या वस्त्या आहेत. येथून फार दूर नसलेल्या जागी, १ जानेवारी १८७७ रोजी, जमशेटजी टाटांनी एम्प्रेस मिल सुरू केली. पेढी, माग आणि गिरणी या तीन अर्थव्यवस्था एका पायी अंतरात शतकाहून अधिक काळ नांदल्या. त्या प्रत्येकीने वार्धक्याला वेगळा आकार दिला. संस्कृतिभेद पाहण्यासाठी दर वेळी समुद्र ओलांडावा लागत नाही.

पेढीवरच्या वार्धक्याचे केंद्र गादी हे आहे. गल्ल्याची किल्ली, वही आणि शेवटचा शब्द ज्याच्याकडे, तो पेढीचा धनी. त्याचे वय सत्तर असो की ऐंशी. निवृत्तीचा दिवस येथे नेमलेला नसतो. किल्ली हळूहळू मुलाकडे जाते, व्यवहार त्याच्या हाती जातात, पण वडील गादीवर बसतात आणि जुने गिऱ्हाईक आधी त्यांना रामराम करते. हा मान खोटा नसतो. परंतु भावाविषयी, उधारीविषयी, माणसाच्या पतीविषयी ते जे बोलतात ते निर्णयात उतरते की नाही, यावर ते ऐकले जाते की नाही हे ठरते. येथे ऐकणे आणि मानणे एकमेकांना इतके चिकटलेले आहेत की किल्ली गेल्यावर वडिलांचे बोलणे शोभेचे होते. गादी राहते, शब्द राहत नाही.

मागावरचे वार्धक्य वेगळे. हातमाग हा घराचा धंदा होता आणि त्यात प्रत्येक वयाला काम होते. हातात जोर आणि डोळ्यांत तेज असेतो माणूस मागावर बसे, धोटा चालवी. दृष्टी मंदावली, कंबर धरू लागली की ताण्याच्या तयारीत मदत करी. पुढे कांड्या भरी. स्त्रिया तर कांड्या भरण्याचे काम लहानपणापासून म्हातारपणापर्यंत करीत. हे चित्र रम्य करण्याचे कारण नाही. कांड्या भरणे हे दारिद्र्याचेही लक्षण होते, काम सोडण्याची चैन परवडत नव्हती म्हणून ते चाले. पण त्यात एक गोष्ट होती. किनार बिघडली, सूत तुटू लागले, जुना नमुना पुन्हा विणायचा झाला, तर कांड्या भरणाऱ्या म्हाताऱ्याला विचारावे लागे. हे ऐकणे आज्ञेचे नव्हते. ते हुन्नराचे होते. ज्याला विचारले त्याच्या हाती सत्ता नसतानाही त्याचे बोलणे लागत होते. यंत्रमाग आले, हातमागाचा धंदा खालावला, आणि कामाची ही उतरंड मोडली. तिच्याबरोबर विचारण्याचे निमित्तही गेले.

गिरणीने तिसरा प्रकार आणला. भोंगा, हजेरी आणि पाळी यांनी बांधलेल्या श्रमाला शेवटही तारखेने बांधलेला असणे स्वाभाविक होते. एम्प्रेस मिलने १८८६मध्ये कामगारांसाठी पेन्शन फंड सुरू केला, हे औद्योगिक इतिहासात नोंदले गेले आहे. जर्मनीत बिस्मार्कच्या काळी वृद्धत्व-विम्याचा प्रसिद्ध कायदा झाला तो १८८९मध्ये, आणि त्यात वयाची अट सत्तर वर्षांची होती. ती पासष्टवर आली १९१६मध्ये. कारखानदारी वृद्धत्वाची आधुनिक व्यवस्था नागपुरात तिच्या युरोपीय जन्मकाळीच, किंबहुना तीन वर्षे आधी, अवतरली होती. पश्चिमेकडून पुष्कळ नंतर आलेले वारे, हे कथन येथे उघडपणे अपुरे पडते. गिरणीने कामगाराला जे दिले ते पेढी आणि माग यांनी दिले नव्हते : मुलाच्या मर्जीवर अवलंबून नसलेला पैसा. ही स्वातंत्र्याची मोठी जोड होती आणि तिला कमी लेखता येत नाही. पण गिरणीने त्याच्याकडून जे विकत घेतले होते ते त्याचे तास होते; त्याच्या बोलण्याची गरज तिला कधीच नव्हती, म्हणून निवृत्तीनंतर ती संपण्याचाही प्रश्न नव्हता. एम्प्रेस मिल २००२मध्ये बंद पडली. तिच्या जागी आज त्याच नावाचा मॉल उभा आहे.

या तिन्हीतही स्त्रीचे वार्धक्य वेगळे काढून पाहावे लागते. पेढीची गादी तिला क्वचितच मिळाली. गिरणीच्या पेन्शनीत ती बहुधा कोणाची तरी बायको होती. तिची आज्ञा चालली असेल तर ती सासू म्हणून, स्वयंपाकघराच्या आणि कोठीच्या किल्ल्यांच्या जोरावर. ती किल्ली सुनेकडे गेली की तिचे बोलणेही गेले. मात्र अनेक समाजांत असेही नोंदले गेले आहे की वयाबरोबर स्त्रीवरची बंधने सैल होतात. ती एकटी देवदर्शनाला जाते, वारीला जाते, चारचौघांत बोलते. जिला आयुष्यभर कोणी ऐकलेच नाही, तिच्यासाठी वार्धक्य हे ऐकले जाण्याचा अंत नसून कधीकधी आरंभही असतो. प्रतिष्ठेच्या ऱ्हासाची कथा ही बव्हंशी गादीवर बसलेल्या पुरुषाची कथा आहे.

४

वार्धक्य ऐकण्याऐवजी पाहण्याची सवय फार जुनी आहे. तिचे सर्वांत प्रभावी चित्र सिद्धार्थाच्या रथाचे. तरुण राजपुत्र रथातून जातो, त्याला वृद्ध दिसतो. तो सारथ्याला विचारतो आणि सारथी उत्तर देतो. या प्रसिद्ध प्रसंगात ज्याच्यामुळे सारे घडते तो वृद्ध काही बोलत नाही. त्याला कोणी काही विचारत नाही. दोघे धडधाकट पुरुष त्याच्याविषयी आपसांत बोलतात आणि रथ पुढे जातो. वृद्धाचे दर्शन हे पाहणाऱ्याच्या ज्ञानाचे साधन ठरते.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या १९५७मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात ही कथा परिव्रज्येचे कारण म्हणून नाकारली. एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर जरा, व्याधी, मरण पाहिलेच नव्हते हे बुद्धीला पटत नाही, असा त्यांचा आक्षेप होता; त्याऐवजी त्यांनी शाक्य आणि कोलिय यांच्यातील रोहिणी नदीच्या पाण्याच्या तंट्याला महत्त्व दिले. हा बदल ऐतिहासिक संभाव्यतेचा म्हणून चर्चिला जातो. वार्धक्याच्या प्रश्नाच्या दृष्टीनेही त्यात मोठा आशय आहे. वार्धक्य ही अवचित दिसणारी अद्भुत गोष्ट राहत नाही. ती घरोघरी असलेली, सर्वांना ठाऊक असलेली वस्तुस्थिती होते. मग प्रश्न उरतो तो माणसांनी माणसांशी कसे वागावे याचा. ज्या शहरात १४ ऑक्टोबर १९५६ रोजी धम्मदीक्षा झाली, तेथील वाचकाला हा फरक विशेष जवळचा वाटावा.

बौद्ध परंपरेत रथाच्या दृश्याला उत्तरही आहे. थेरीगाथांत अंबपालीच्या गाथा आहेत. वैशालीची ही विख्यात गणिका वार्धक्यात स्वतःच्या देहाचे वर्णन करते : केसांपासून पायांपर्यंत, एकेक अवयव, तेव्हा कसा होता आणि आता कसा आहे. प्रत्येक गाथेच्या शेवटी सत्यवादी बुद्धाच्या वचनाची साक्ष येते. ज्या देहाकडे आयुष्यभर इतरांनी पाहिले, त्या देहाविषयी येथे ती स्वतः बोलते. दृश्य वक्ता होते. रथातल्या राजपुत्राला जे सारथ्याकडून कळले, ते येथे वृद्धेच्या तोंडून, तिच्या हिशेबाने, तिच्या क्रमाने सांगितले जाते. ‘थेरी’ या शब्दाचा सारा मान या वक्तृत्वात आहे, आणि तो मान हरवल्यावर ‘थेरडी’ उरते.

तिसरी एक दृष्टी ज्ञानेश्वरीच्या तेराव्या अध्यायात आहे. गीतेने ज्ञानलक्षणांत जन्म, मृत्यू, जरा, व्याधी यांतील दोष पाहणे सांगितले, त्यावरील भाष्यात ज्ञानेश्वर म्हातारपणाचे अतिशय मूर्त, काहीसे निष्ठुर वर्णन करतात. पण ते रथातल्यासारखे दुसऱ्याच्या देहाचे नाही. तारुण्यात असतानाच ज्ञानी माणूस आपल्या देहाला पुढे येणारी अवस्था पाहतो. सीमोन द बोव्हार यांनी १९७०मध्ये, स्वतःच्या बासष्टाव्या वर्षी, वार्धक्यावरचा आपला ग्रंथ लिहिला. वार्धक्य हे आपल्याला आतून प्रत्ययाला येत नाही, इतरांच्या नजरेतून ते आपल्यावर येऊन पडते, आणि म्हणून तरुण माणूस वृद्धात स्वतःला ओळखायला तयार नसतो, असे तिथे प्रतिपादन आहे. ज्ञानेश्वरांनी जी ओळख साधना म्हणून मागितली, तीच बोव्हार यांना सामाजिक न्यायाची पूर्वअट वाटते. दोन्हींत एक मर्यादाही समान आहे : दोन्ही वृद्धाकडे ‘मी उद्याचा’ म्हणून पाहायला शिकवतात. समोरचा वृद्ध हा माझे भविष्य नसून दुसरा माणूस आहे, त्याला माझ्याहून वेगळे काही सांगायचे असेल, हे त्यातून आपोआप निष्पन्न होत नाही.

आधुनिक विज्ञानाने रथाची जागा प्रश्नावलीला दिली. १९७५पासून जगभर वापरल्या जाणाऱ्या एका लघुचाचणीत वृद्धाला वर्ष, ऋतू, महिना, तारीख आणि वार विचारतात आणि उत्तरांना गुण देतात. निदानासाठी ती उपयुक्त आहे, याविषयी वाद नाही. पण येथे प्रश्न विचारणाऱ्याला उत्तर आधीच ठाऊक असते. जन्मतारीख शाळामास्तरांनी १ जून लावून दिली, ज्यांचा काळ तिथींनी, सणांनी आणि बाजाराच्या वाराने मोजला गेला, त्यांना तारीख विचारताना कोणते कालभान तपासले जाते हा प्रश्न राहतो. इतवारीसारख्या, वारावरूनच नाव पडलेल्या वस्तीत तो अधिकच जाणवावा. याउलट रॉबर्ट बटलर यांनी १९६३मध्ये असे मांडले की वृद्धांचे गतकाळाविषयी पुनःपुन्हा बोलणे हे ऱ्हासाचे लक्षण नसून आयुष्याचा हिशेब लावण्याची प्रक्रिया आहे. तीच ती गोष्ट पुन्हा सांगणारा माणूस कदाचित ती अजून पुरी सांगू शकलेला नसतो. बार्बरा मायरहॉफ यांनी १९७८च्या ग्रंथात कॅलिफोर्नियातील व्हेनिस येथील वृद्ध ज्यूंच्या केंद्राचे जे चित्र काढले, त्यात हे वृद्ध आपल्याला कोणीतरी पाहावे, ऐकावे यासाठी स्वतःच समारंभ घडवतात, भांडणेही काढतात. भांडण हा तिथे ऐकले जात असल्याचा पुरावा होता. कीव केलेल्या माणसाशी कोणी भांडत नाही.

५

मराठी नाटकाने हा प्रश्न शास्त्रांच्या आधी आणि अधिक तीव्रतेने ओळखला. ‘नटसम्राट’ (१९७०) हे नाटक कृतघ्न मुलांची कथा म्हणून लोकप्रिय झाले. शेक्सपिअरच्या लिअरप्रमाणे गणपतराव बेलवलकरही आपले सर्वस्व मुलांना वाटून टाकतात आणि पुढच्या साऱ्या अपमानांना सामोरे जातात. पण हे नाटक संपत्तीइतकेच वाणीविषयी आहे. बेलवलकरांनी घर, पैसा दिला. दिली नाही ती भाषा. त्यांची भाषा रंगभूमीवरच्या राजाची आहे, आणि राजाची भाषा म्हणजे ऐकवून घेणारी भाषा. मुलाच्या दिवाणखान्यात ती गोंगाट ठरते. येथे मुलांचा दोष आहेच, पण पेच दोन्हीकडून आहे : त्यांना आज्ञा न करता बोलण्याचा सराव नाही आणि घराला आज्ञा नसलेले बोलणे ऐकण्याचा. विनोद आणि विषाद यांच्या मधल्या एका जागी हा पेच नाटकात सतत जाणवत राहतो. बेलवलकरांना अखेर ऐकतो तो पदपथावरचा पोरगा, ज्याचा त्यांच्या इस्टेटीशी काही संबंध नाही; आणि ऐकतो तो प्रेक्षक, ज्याला त्यांचे काही मानायचे नाही. मानण्यावाचून ऐकण्याचा अनुभव हे नाटक प्रेक्षागृहात घडवते. त्यातून बाहेर पडलेला प्रेक्षक घरी जाऊन काय करतो, हा प्रश्न नाट्यसमीक्षेच्या बाहेरचा असला तरी नाटकाच्या बाहेरचा नाही.

२००७च्या आईवडील व ज्येष्ठ नागरिक निर्वाह व कल्याण कायद्याने बेलवलकरांच्या अर्ध्या व्यथेवर इलाज दिला, असे म्हणता येईल. सांभाळ करण्याच्या अटीवर दिलेली मालमत्ता, अट मोडल्यास परत मिळवण्याची तरतूद त्या कायद्याच्या २३व्या कलमात आहे. निर्वाहाची जी व्याख्या कायद्यात आहे तीत अन्न, वस्त्र, निवारा आणि वैद्यकीय उपचार येतात. ही यादी योग्य आहे. भुकेल्याला आधी अन्नच हवे. पण जयवंत दळवींच्या ‘संध्याछाया’तील नाना-नानींना यांतले काही कमी नाही. मुलगा परदेशात आहे, पैसा आहे, घर आहे. आसुसलेपण आहे ते बोलण्यासाठी माणूस मिळावा याचे. कोणत्याही न्यायाधिकरणाला ते मिळवून देता येत नाही, आणि यासाठी कायद्याला दोष देणेही बरोबर नाही.

अधिक कठीण कसोटी नागपूरचे नाटककार महेश एलकुंचवार यांच्या ‘वाडा चिरेबंदी’मध्ये (१९८५) आहे. विदर्भातील खेड्यातल्या देशपांड्यांच्या वाड्यात, घराचा कर्ता पुरुष गेल्यानंतरच्या दिवसांत हे नाटक घडते. तेथील अतिवृद्ध दादीचे काळाचे भान सुटलेले आहे. बेलवलकरांना वाणी आहे. ऐकणारा त्या वाणीच्या तेजाने खेचला जातो. दादीजवळ असे काही नाही. तिच्या बोलण्यातून कथानक पुढे जात नाही, ते तत्त्वज्ञानही नाही. वारसा, दागिने, जमीन यांच्या हिशेबात गुंतलेल्या घरात तिचा आवाज मधूनच येतो आणि घर त्याला सवयीने काहीतरी प्रतिसाद देते किंवा देत नाही. समीक्षेने दादीकडे ऱ्हासाचे प्रतीक म्हणून, वाड्याच्या जीर्णतेचे मानवी रूप म्हणून पाहिले तर ते वाचन चुकीचे होणार नाही. परंतु प्रतीक करणे हाही न ऐकण्याचा एक प्रकार आहे. रथातला राजपुत्र जे करतो तेच समीक्षक करतो : वृद्धेला अर्थ देतो आणि पुढे जातो. नाटककाराने मात्र तिचा आवाज संहितेत ठेवला आहे, आणि प्रयोगात तो प्रत्येक वेळी प्रत्यक्ष कानांवर पडतो. साहित्यसमीक्षेला वार्धक्याच्या अभ्यासाकडून काही घ्यायचे असेल तर ते हे की वृद्ध पात्राचा अर्थ लावण्याआधी त्याच्या बोलण्याचा संवाद म्हणून विचार करावा : कोणाला उद्देशून, कशाच्या उत्तरादाखल, आणि कोणाच्या मौनात ते बोलले गेले.

६

या भूमिकेवर दोन गंभीर आक्षेप संभवतात. पहिला असा की ऐकण्याचे हे नीतिशास्त्र प्रत्यक्षात घरातल्या सुनेवर किंवा मुलीवर पडणारा नवा भार होईल. जेवण, औषध, स्नान यांची जबाबदारी तिच्यावर आहेच. आता तिने म्हाताऱ्यांचे बोलणेही शांतपणे ऐकावे अशी अपेक्षा करायची, आणि ती करणाऱ्याने दिवाणखान्यात वर्तमानपत्र वाचत बसायचे. हा आक्षेप खरा आहे. त्याचे उत्तर इतकेच की ऐकण्याचे कर्तव्य सेवेच्या कर्तव्यात मिसळून टाकू नये. सेवा बहुधा एकीवर टाकली जाते; ऐकणे मात्र वाटून घेता येते, शेजाऱ्याला, नातवाला, मित्राला, पेढीवर आलेल्या गिऱ्हाईकालाही. आणि ज्या स्त्रीने त्याच सासूची आज्ञा वीस वर्षे सोसली, तिला आता ऐकायचे नसेल तर तिच्या नकाराचाही अर्थ आहे. तो नकार वार्धक्याविषयी नसून सत्तेविषयी असतो. ऐकणे आणि मानणे यांची गाठ सुटली पाहिजे ती दोन्ही टोकांनी. बोलणाऱ्यानेही किल्लीबरोबर आज्ञार्थ खाली ठेवला पाहिजे. वानप्रस्थाच्या कल्पनेतून आज घेण्याजोगे काही असेल तर ते हे. ती कल्पना द्विज पुरुषापुरती होती आणि अरण्य आता कोणासाठीच उरलेले नाही. पण सत्ता सोडूनही समाजात बोलत राहणे, ही अवस्था परंपरेने पुरेशी कल्पिलीच नव्हती. सत्ता असलेला गृहस्थ आणि मौन स्वीकारलेला विरक्त, अशी दोनच चित्रे तिच्याजवळ होती.

दुसरा आक्षेप स्मृतिभ्रंशाचा. बोलण्यातला अर्थच हरवला असेल तर ऐकायचे काय? येथे ऐकणे म्हणजे माहिती मिळवणे असे गृहीत धरले जाते. पण कांड्या भरणाऱ्या म्हातारीला किनारीचा नमुना विचारला जात होता, तेवढ्यापुरतेच तिचे बोलणे मोलाचे होते असे म्हटले तर उपयोग संपताच माणूस संपतो, आणि मागाची नीती गिरणीच्या नीतीहून वेगळी राहत नाही. अर्थ हरवलेल्या बोलण्यातही हाक असते. हाकेला ओ देणे हे तिचा अर्थ लावण्यापूर्वीचे आणि अर्थ लागला नाही तरी शक्य असलेले कर्म आहे. ते अनंत वेळा करता येत नाही, थकवा येतो, चिडचिड होते. ही मर्यादा मान्य करूनही ते करायचे राहते.

२०११च्या जनगणनेत भारतातील साठ वर्षांवरील लोकांचे प्रमाण ८.६ टक्के होते आणि ते वाढतच जाणार आहे. त्यांच्यासाठी निवृत्तिवेतन, रुग्णालये, प्रवासाच्या सवलती यांची योजना राज्यसंस्थेने करायची आहे, आणि तिचा तगादा लावलाच पाहिजे. संस्कृतीच्या अभ्यासकापुढचे काम निराळे आहे. कोणत्या संस्कृतीत वृद्धांना किती मान होता, हा प्रश्न आता फारसा फलदायी नाही. मान अधिकाराच्या सावलीसारखा येतो आणि जातो, हे महत्तर ते म्हातारा या शब्दाच्या प्रवासानेच सांगून ठेवले आहे. विचारायचे ते असे की एखाद्या समाजाच्या भाषेत, धंद्यात, विधीत आणि साहित्यात, ज्याचे मानायचे नाही अशा माणसाचे ऐकण्यासाठी कोणत्या जागा होत्या, त्यांतल्या कोणत्या मोडल्या आणि कोणत्या अजून शिल्लक आहेत. मागाजवळची जागा मोडली. गाथांमधली जागा शिल्लक आहे. नाटकाची जागाही आहे, पण ती तिकीट काढून तीन तासांपुरती मिळते. घरातल्या जागेविषयी कोणताही सिद्धान्त आधी निकाल देऊ शकत नाही. तिथे ‘कोणी ऐकत नाही’ हे वाक्य पुन्हा उच्चारले जाते तेव्हा त्याचे दोन अर्थ वेगळे करून, पहिल्याला नकार देत दुसऱ्याला उत्तर देणे शक्य आहे, एवढेच म्हणता येते.